शेजारच्या दुकानाचं शटर

आमच्या नातेवाइकांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर गेल्या महिन्यात मावशीने एक मजकूर पाठवला. जपानमधल्या एका बेटावर माकडं रताळी धुऊन खायला शिकली. शिकलेल्या माकडांची संख्या शंभर झाली आणि त्याच क्षणी आजूबाजूच्या बेटांवरची माकडंही आपोआप रताळी धुऊ लागली. तेव्हा पुरेशा माणसांनी एकाच वेळी चांगला विचार केला, की 'सामूहिक चेतना' जागी होऊन समाज बदलतो. माझी मावशी मनाने फार चांगली आहे आणि समाज बदलावा असं तिला अगदी आतून वाटतं. म्हणूनच तिला नुसतं 'हे खोटं आहे' असं उत्तर पाठवावंसं मला वाटेना.

आधी माकडांचं बघू. बेटाचं नाव कोशिमा. 1953 साली इमो नावाच्या दीड वर्षाच्या मादीने वाळूने माखलेलं रताळं पाण्यात धुतलं, एवढं खरं आहे. जपानी संशोधक तिथल्या एकेका माकडाची नोंद ठेवत होते. त्या नोंदींत ही सवय एकाकडून दुसऱ्याकडे हळूहळू जाताना दिसते: खेळगड्यांकडून खेळगड्यांकडे, आईकडून पिल्लांकडे. बऱ्याच वयस्क नरांनी ती उचललीच नाही. 1962 साली कळपात साठच्याही आत माकडं होती, त्यामुळे शंभरावं माकड यायचं तरी कुठून? ती जादूची उडी लायल वॉटसन या लेखकाच्या 1979 सालच्या पुस्तकातून जगभर पसरली.

पण माणसांच्या घोळक्यात अशा उड्या खरोखर दिसतात. महिनोन्‌महिने काही हलत नाही आणि एखाद्या आठवड्यात सगळं गाव उठतं. त्यासाठी चेतनेच्या लहरी लागत नाहीत, चौथीतली बेरीज पुरते. ती बेरीज मला इतकी आवडते की मी ती भेटेल त्याला सांगत असतो.

कुठलाही 'बंद' पुकारलेला दिवस आठवा. सकाळी नऊची वेळ, बाजारपेठेचा रस्ता. एका दुकानदाराचं बंदशी देणंघेणं आहे, त्याने कुलूपच काढलेलं नाही. शेजारचा किराणावाला अर्धं शटर वर करून समोर बघतोय. समोरचा कापडवाला त्याच्याकडे बघतोय. कोपऱ्यावरचा मेडिकलवाला या दोघांकडे. प्रत्येकाच्या मनात एक आकडा आहे. 'दोन दुकानं बंद दिसली तर मी बंद करीन.' 'निम्मी पेठ बंद झाली तरच.' काही जणांचा आकडा शून्य, काहींचा नव्वद. तो आकडा कुणी बोलून दाखवत नाही, बऱ्याचदा स्वतःलाही तो नीट माहीत नसतो. अमेरिकन समाजशास्त्रज्ञ मार्क ग्रॅनोव्हेटर यांनी 1978 साली या आकड्याचं गणित मांडलं. त्यांनी वापरलेल्या शब्दाला आपल्याकडे नेमका शब्द आहे: उंबरठा.

ग्रॅनोव्हेटर यांचं उदाहरण दंगलीचं होतं. मी ते श्रमदानावर नेतो, गणितात काही फरक पडत नाही. शंभर घरांचं गाव आहे आणि तळ्यातला गाळ काढायचाय. पहिल्याचा उंबरठा 0, म्हणजे कुणी येवो न येवो, तो फावडं घेऊन निघतो. दुसऱ्याचा 1, तिसऱ्याचा 2, असं करत शंभराव्याचा 99. पहिला तळ्यावर पोचला. त्याला बघून 1 वाला आला. दोघं दिसले म्हणून 2 वाला उतरला. तिघांना बघून 3 वाला. संध्याकाळपर्यंत शंभरच्या शंभर माणसं चिखलात.

आता शेजारचं गाव घ्या. तिथेही शंभर घरं, तसाच गाळ, तशीच माणसं. फरक एकच, ज्याचा उंबरठा 1 होता त्याचा 2 आहे. पहिला माणूस फावडं घेऊन तळ्यावर पोचला आणि थांबला, कारण एकट्याला बघून येणारा गावात कुणीच नाही. दोन जण 'दोघं दिसले तर येऊ' म्हणून दारात उभे आहेत, पण दिसतोय एकच. मग 3 वाला नाही, 4 वाला नाही, कुणीच नाही. अंधार पडतो आणि तो एकटा घरी जातो.

दुसऱ्या दिवशी तालुक्याचा बातमीदार दोन्ही गावांत फिरला तर काय लिहील? पहिलं गाव आदर्श, तिथे एकी आहे. दुसरं गाव आळशी, राजकारणाने पोखरलेलं, तिथे एकच वेडा. खरं पाहता दोन्ही गावांत शंभरातले नव्व्याण्णव जण अगदी सारखे आहेत.

हे मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा बराच वेळ पुढचं पानच उलटलं नाही. आपण ज्याला गावाचा स्वभाव म्हणतो, 'आपले लोकच असे' म्हणून जो शिक्का मारतो, तो एका माणसाच्या एका आकड्यातून आलेला असू शकतो. निकालावरून माणसांची मनं ओळखता येतात, ही समजूत इथे कोसळते.

आता पुढचा भाग थोडा अवघड आहे, पण खरी गंमत तिथेच आहे. उंबरठे 0, 1, 2 असे ओळीत कधीच नसतात. बहुतेकांचे आकडे कुठल्यातरी सरासरीभोवती गोळा झालेले असतात, टोकाला थोडे. ग्रॅनोव्हेटर यांनी शंभर जणांचा सरासरी उंबरठा 25 धरला आणि आकड्यांचा पसारा, म्हणजे संख्याशास्त्रातलं प्रमाण विचलन, हळूहळू वाढवत नेला. पसारा लहान असला की सगळे पंचविशीच्या आसपास घुटमळतात. शून्याजवळ कुणी नसतं, त्यामुळे सुरुवातच होत नाही. पसारा वाढला की एखाददुसरा शून्याशी येतो, मग दोघं-तिघं निघतात आणि गाडी तिथेच थांबते. पसारा 12 च्या आसपास पोचला की सहाएक जण जमतात. आणि 12.2 ओलांडल्यावर? सात नाही, आठ नाही. जवळजवळ शंभर!

असं का होतं ते कागदावर काढून बघा. आडव्या रेषेवर लिहा, आत्ता किती जण कामावर आहेत. उभ्या रेषेवर लिहा, तेवढे दिसल्यावर एकूण किती जण यायला तयार होतील. यातून एक वक्ररेषा मिळते. तिच्यावर 45 अंशांची सरळ रेघ ओढा. त्या रेघेवर 'आहेत' आणि 'तयार' हे दोन आकडे समान असतात. वक्ररेषा रेघेच्या वर असेल तिथे गर्दी वाढत जाते, कारण आलेल्यांपेक्षा तयार असलेले जास्त. दोघी जिथे पहिल्यांदा छेदतात तिथे गर्दी थांबते. पसारा कमी असताना हा छेद अगदी सुरुवातीला, दोनवर, चारवर, सहावर येतो. पसारा वाढवला की वक्ररेषेचा तेवढा भाग वर सरकतो, मग रेघेला नुसता चाटून जातो आणि एका क्षणी त्या दोघींमध्ये बारीकशी फट पडते. अडवणारा छेद नाहीसा होतो. आता पुढचा छेद थेट शंभराजवळ, म्हणून गर्दी त्या फटीतून सरळ वर निघून जाते. पाणी 99 अंशांना पाणी असतं आणि 100 ला उकळतं, तसाच हा बदल. आणि या सगळ्यात सरासरी एका आकड्यानेही हललेली नाही! 'लोकांचं सरासरी मत काय' असं विचारणाऱ्या पाहणीला ही उडी आधी दिसणं शक्यच नाही.

1989 साली पूर्व जर्मनीतल्या लाइपझिग शहरात असंच घडलं. निकोलाय चर्चमध्ये दर सोमवारी प्रार्थना होई आणि ती संपल्यावर लोक बाहेर पडून सरकारच्या विरोधात चालत. सप्टेंबरच्या सुरुवातीला हजारेक जण होते, 2 ऑक्टोबरला वीस हजारांच्या आसपास. 9 ऑक्टोबरला शहरभर सशस्त्र बंदोबस्त होता, तरी सत्तर हजार माणसं रस्त्यावर आली आणि गोळी चालली नाही. पुढच्या सोमवारी आकडा लाखाच्या वर गेला. 9 नोव्हेंबरला बर्लिनची भिंत उघडली. लोकांची मनं पाच आठवड्यांत बदलली असतील असं मला वाटत नाही. मनातलं शेजाऱ्याला दिसू लागलं, एवढाच बदल. वार ठरलेला, जागा ठरलेली, त्यामुळे गेल्या वेळी किती होते हे प्रत्येकाला मोजता येत होतं. खिडकीतून बघणाऱ्याला कळत होतं की खाली चालणारे त्याच्याच कारखान्यातले, त्याच्याच गल्लीतले आहेत.

इथेच आणखी एका आकड्याबद्दल बोलायला हवं, कारण तोही हल्ली मंत्रासारखा फिरतो: लोकसंख्येतले 3.5 टक्के लोक रस्त्यावर आले की सत्ता बदलतेच. अमेरिकन राज्यशास्त्रज्ञ एरिका चेनोवेथ यांनी 1900 ते 2006 या काळातली आंदोलनं तपासून एक निरीक्षण मांडलं होतं. पुढे त्यांनी स्वतःच ब्रुनेई आणि बहरीन हे अपवाद दाखवले. उंबरठ्याचं गणित समजलं की असा एकच आकडा सगळीकडे का चालणार नाही हे उघड होतं. उडी कुठे येणार हे उंबरठ्यांच्या पसाऱ्यावर आणि कुणाला कोण दिसतं यावर ठरतं, आणि ते प्रत्येक गावाचं वेगळं असतं.

अर्थात माणसं आली म्हणजे काम झालं असंही नाही. काहींच्या मनात उलटा उंबरठाही असतो: 'एवढे जण आहेत, मग माझं काय अडलंय?' मॅक्स रिंगेलमान या फ्रेंच कृषी अभियंत्याने एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस माणसांना दोर ओढायला लावला होता. आठ जण एकत्र ओढत होते तेव्हा दरडोई जोर एकट्याच्या निम्म्यावर आला. त्यात थोडा दोष ताल न जमण्याचा असतो, पण अमेरिकेत 1974 साली डोळे बांधून हाच प्रयोग केला तेव्हा नुसतं 'मागे बरेच जण ओढताहेत' असं वाटल्यानेही हात सैल पडतात हे दिसलं. हा मोठा विषय आहे, त्यात आज शिरत नाही.

मला जास्त ओढ आहे ती पहिल्या अडचणीची, सुरुवात कोण करणार याची. आपल्याकडे तिच्यावर घरगुती तोड आहेच. गल्लीतली वर्गणी गोळा करणारी पोरं पावतीपुस्तक घेऊन आधी ज्याच्या शब्दाला वजन आहे त्याच्या दारात जातात. पुढच्या दारात पुस्तक उघडताना ती पहिली स्थळप्रत दिसेल अशा बेताने उघडतात. उंबरठा या शब्दाशिवाय त्यांना सगळं गणित येतं.

याहून पक्की तोड लॉस एंजेलिसजवळ सापडली होती. तिथल्या वेस्ट बेसिन या भूजलसाठ्यातून सुमारे 500 जण पाणी उपसत होते, त्यांत कंपन्या होत्या आणि नगरपालिकाही. उपसा इतका वाढला की समुद्राचं खारं पाणी किनाऱ्याकडून आत घुसू लागलं. प्रत्येकाला ते दिसत होतं, पण एकट्याने पंप आवरला तर वाचवलेलं पाणी शेजारी उपसणार. प्रकरण कोर्टात गेलं आणि 1955 साली एक तात्पुरता करार तयार झाला. त्यातलं एक कलम मला फार मोलाचं वाटतं: पाण्याच्या एकूण हक्कांपैकी 80 टक्के हक्क असलेल्यांच्या सह्या होईपर्यंत हा करार कुणालाच लागू होणार नाही. सही करण्यात धोकाच उरला नाही. इतर आले नाहीत तर तुमचं काही गेलं नाही, आले तर सगळे एकदम आले. ज्याचा उंबरठा ऐंशी टक्क्यांचा आहे तोही पहिल्या दिवशी निर्धास्तपणे सही करू शकतो. सह्या जमल्या आणि उपसा कमी झाला. या भूजलावर पीएचडी करणाऱ्या एलिनॉर ऑस्ट्रॉम यांना पुढे 2009 साली अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं. तो मान मिळवणाऱ्या त्या पहिल्या स्त्री.

आमच्या इमारतीत 36 घरं आहेत. गच्चीवरचं पावसाचं पाणी बोअरवेलमध्ये सोडायचं हे सलग दोन वार्षिक सभांत एकमताने ठरलं होतं. प्रत्येक घराने बारा हजार द्यायचे. दुसऱ्या सभेला सहा महिने झाले तेव्हा सेक्रेटरींकडे पाच चेक होते आणि 'बाकीच्यांना पाण्याची किंमत नाही' अशी कुरकुर जिन्यात ऐकू येत होती. मार्चमध्ये आम्ही ते पाच चेक परत केले. लिफ्टशेजारच्या फळ्यावर 36 रकान्यांची यादी लावली आणि वर ठळक अक्षरांत लिहिलं: 27 सह्या झाल्या तरच पैसे घ्यायचे, एक जरी कमी पडली तरी कुणाकडूनही काही नाही. पहिल्या रविवारी चौदा सह्या झाल्या. तिसऱ्या मजल्यावरचे काका दोन्ही सभांत सगळ्यांत जास्त वाद घालत होते, त्यांनी खिशातून स्वतःचं पेन काढून पंधरावी केली.

काल रात्री बावीस होत्या.