लोहार ते महापौर: क्राइस्टचर्चच्या जॉन अँडरसनच्या मागची गोष्ट

1869 मध्ये न्यूझीलंडच्या क्राइस्टचर्चचा महापौर एक लोहार होता, जॉन अँडरसन. कष्ट केले आणि वर आला असं म्हणून लोक मोकळे होतात, आणि कष्ट त्याने केलेच, पण ते गाव वसलं कसं हे बघितल्याशिवाय त्याची गोष्ट अर्धीच कळते.

क्राइस्टचर्च ज्या वसाहतीत वसलं ती कँटरबरी आखली गेली लंडनमध्ये, कँटरबरी असोसिएशनने. चर्च ऑफ इंग्लंड या ख्रिस्ती पंथाच्या लोकांची वस्ती, जमिनीचा भाव एकराला 3 पौंड, म्हणजे जमीन घेणार पैसेवाले आणि त्याच पैशातला काही भाग वापरून मजूर-कारागिरांना जहाजाने आणायचं, अशी ती स्कीम. आणि जमीन कुठली, तर न्गाय ताहू या माओरी, म्हणजे न्यूझीलंडच्या मूळ रहिवासी लोकांची. 1848 च्या केम्प करारात दक्षिण बेटाचा प्रचंड मोठा पट्टा सरकारने फक्त 2000 पौंडांत घेतला, त्यांच्यासाठी राखून ठेवायची कबूल केलेली जमीनही धड दिली नाही. त्याची तडजोड व्हायला 1998 उजाडलं. हे गाळून अँडरसनबद्दल लिहिणं मला तरी पटत नाही.

तो स्कॉटलंडमधल्या एडिंबराजवळच्या इनव्हरेस्कचा, प्रेस्बिटेरियन या वेगळ्या ख्रिस्ती पंथाचा, म्हणजे त्या आखलेल्या वस्तीत तसा बाहेरचाच. डिसेंबर 1850 मध्ये वसाहतकऱ्यांच्या पहिल्या चार जहाजांपैकी सर जॉर्ज सेमूर या जहाजावरून लिटलटन बंदरात उतरला. बंदर आणि गाव यांच्यामध्ये डोंगर, रेल्वेचा बोगदा झाला 1867 ला, सुरुवातीला तर माणसांनी पायवाटेनेच डोंगर ओलांडायचा. त्याने कॅशेल स्ट्रीटवर भट्टी टाकली आणि अशा गावात लोहाराशिवाय कुणाचं पान हलत नव्हतं. घोड्याला नाल ठोका, नांगराच्या फाळाला ठोकून धार लावून द्या, चाकाची लोखंडी धाव लालभडक तापवून चढवा आणि वर पाणी ओता म्हणजे ती आवळून बसते. तुटलेली वस्तू इंग्लंडहून मागवायची तर नुसत्या जहाजाच्या प्रवासालाच तीनेक महिने, मग जो तिथल्या तिथे दुरुस्त करून देतो त्याच्या दारात जमीनदारही येणारच ना.

1868 ला महापौरपद आलं तेव्हा नगरसेवक आपल्यातूनच एकाला निवडायचे. पहिला झाला विल्यम विल्सन, रोपवाटिकेचा धंदा करणारा, लोक त्याला कॅबेज विल्सन म्हणायचे, आणि दुसरा आपला लोहार. बड्यांसाठी आखलेल्या गावात पहिले दोन्ही महापौर हाताने काम केलेले निघाले, मला यातली हीच गोष्ट सगळ्यात मोठी वाटते. अँडरसनच्याच वर्षात व्हिक्टोरिया राणीचा मुलगा प्रिन्स आल्फ्रेड तिथे येऊन गेला (याच आल्फ्रेडने पुढे 1870 ला मुंबईत सेलर्स होमची पायाभरणी केली, आता तिथे महाराष्ट्र पोलिसांचं मुख्यालय आहे).

भट्टीचा पुढे मोठा ओतकारखाना झाला, मुलांना शिकायला स्कॉटलंडला पाठवलं आणि नंतर धंदा त्यांनीच वाढवला. अँडरसन 1897 ला गेला. त्यानंतर त्याच कंपनीने उत्तर बेटाच्या मुख्य रेल्वेमार्गावर 79 मीटर उंचीचा माकाटोटे पूल बांधला, तो 1908 ला पूर्ण झाला.