फिनलंडचं सैन्य : एका हरलेल्या युद्धाची शिदोरी

लोकसंख्या जेमतेम 55 लाख, पूर्वेला रशियाशी 1,340 किलोमीटरची सीमा, आणि युद्ध पेटलंच तर उभं राहील असं 2,80,000 जणांचं सैन्य. त्याच्या मागे जवळपास नऊ लाख प्रशिक्षित राखीव नागरिक. फिनलंडचा विषय निघाला की हे आकडे येतात आणि पाठोपाठ 1939-40 च्या हिवाळी युद्धाची गोष्ट येते: पांढरे अंगरखे, पायांत स्की, बर्फात रुतलेले सोव्हिएत रणगाडे. गोष्ट खरी आहे. पण ते युद्ध फिनलंड हरला होता, हे सांगायचं बहुतेकांकडून राहून जातं. आज तिथे जे काही उभं आहे ते त्या शौर्यापेक्षा त्या हरण्यातून जास्त आलेलं आहे.

शतकानुशतकं स्वीडनचा भाग असलेला हा मुलूख 1809 मध्ये रशियाच्या झारकडे गेला. रशियात क्रांती झाली तेव्हा, 6 डिसेंबर 1917 रोजी, फिनलंडने स्वातंत्र्य जाहीर केलं आणि दोन महिन्यांच्या आत देश स्वतःशीच लढू लागला. 1918 च्या यादवीत एका बाजूला ‘गोरे’ होते: जमीनदार, शेतकरी, मध्यमवर्ग. त्यांचा सेनापती कार्ल गुस्ताफ मानरहाइम, जो त्याआधी झारच्याच सैन्यात जनरल होता. दुसऱ्या बाजूला ‘लाल’: कामगार आणि कुळं. तीस लाखांच्या आसपास वस्तीच्या देशात 36,000 हून अधिक माणसं मेली, त्यातली कितीतरी लढाई संपल्यावर कैद्यांच्या छावण्यांत भुकेने आणि रोगाने.

एवढं झाल्यावर हा देश वीस वर्षांत एक होऊन लढेल असं कोणाला वाटलं नसतं. स्टालिनलाही वाटलं नाही. पण मधल्या काळात तिथे कूळकायदे झाले. 1918 मध्ये कुळांना कसत असलेली जमीन विकत घेण्याचा हक्क मिळाला, 1922 च्या कायद्याने भूमिहीनांनाही जमीन मिळण्याची वाट उघडली. समाजवादी पक्ष संसदेत परतला, सत्तेतही आला. त्यामुळे डिसेंबर 1939 मध्ये मॉस्कोने तिथेच राहणारे फिनिश कम्युनिस्ट ओटो कूसिनेन यांच्या नावाने सीमेवरच्या तेरियोकी गावात ‘जनतेचं सरकार’ मांडलं तेव्हा फिनिश कामगारांनी त्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही. माझ्या मते हिवाळी युद्धातली सगळ्यात मोठी लढाई इथेच जिंकली गेली, आणि ती बंदुकीने नव्हे.

लष्करी तयारीबद्दल मात्र कौतुक करावं असं फार काही नव्हतं. संरक्षण परिषदेचे अध्यक्ष असलेले मानरहाइम वर्षानुवर्षं पैसे मागत होते, राजीनाम्याच्या धमक्या देत होते. पंतप्रधान कायांदर यांना शस्त्रांवरचा खर्च म्हणजे गंजत पडणारा पैसा वाटे. परिणाम असा की कित्येक राखीव सैनिक आघाडीवर पोचले ते स्वतःच्या कोटात आणि स्वतःच्या बुटांत. सरकारकडून मिळालं काय, तर कमरेचा पट्टा, टोपीवर लावायचं चिन्ह आणि रायफल. या पोशाखाला सैनिकांनी ‘कायांदर मॉडेल’ असं नाव ठेवलं. रणगाडाविरोधी तोफा देशभरात मिळून शंभरच्या आसपास होत्या.

एक गोष्ट मात्र वेळेत झाली. ऑक्टोबर 1939 मध्ये सोव्हिएत संघाने लेनिनग्राडजवळची सीमा मागे सरकवण्याची आणि हांको बंदर भाड्याने देण्याची मागणी केली. बोलणी चालू असतानाच फिनलंडने ‘जादा उजळणी प्रशिक्षण’ या नावाखाली आपलं राखीव सैन्य बोलावून घेतलं. 30 नोव्हेंबरला हल्ला झाला तेव्हा माणसं आपापल्या खंदकात बसलेली होती. हे झालं नसतं तर पुढची गोष्ट सांगायला कोणी उरलं नसतं.

राते रस्त्यावरची लढाई जगभर गाजली. जानेवारी 1940. दोन्हीकडे गर्द जंगल, मधून एकच अरुंद वाट, आणि त्या वाटेवर किलोमीटरमागून किलोमीटर पसरलेली सोव्हिएत 44 वी डिव्हिजन. कर्नल सीलास्वुओ यांच्या तुकड्यांनी जंगलातून स्कीवर येत या रांगेचे तुकडे पाडले, तंबू आणि स्वयंपाकाच्या गाड्या टिपल्या, आणि कडाक्याच्या थंडीला उरलेलं काम करू दिलं. मराठी वाचकाला गनिमी कावा आठवेल, आणि ते चूक नाही. हाती लागलेल्या तोफा आणि रणगाडे फिनिश सैन्याने स्वतःच वापरले. 44 व्या डिव्हिजनच्या सेनापतीला त्याच्याच सैन्याने गोळ्या घातल्या.

पण युद्धाचा निकाल तिथे लागला नाही. तो लागला दक्षिणेत, लेनिनग्राडजवळच्या कारेलियाच्या संयोगभूमीवर, आणि तिथे गनिमी कावा चालण्यासारखा नव्हता. फेब्रुवारीत सोव्हिएत तोफखान्याने सलग मारा सुरू केला तेव्हा फिनिश तोफांना उत्तर द्यायला गोळे पुरेनात. स्वीडनमधून सुमारे 8,000 स्वयंसेवक आले, शस्त्रंही आली. ब्रिटन-फ्रान्सची फौज येणार येणार म्हणता आली नाही. राष्ट्रसंघाने सोव्हिएत संघाला काढून टाकलं, त्याचा आघाडीवर उपयोग शून्य. 105 दिवसांनी, 13 मार्च 1940 रोजी, लढाई थांबली. फिनलंडचे 25,000 हून अधिक मेले, वीपुरी शहरासह देशाचा सुमारे दहावा हिस्सा गेला आणि चार लाखांवर लोक घरदार सोडून उरलेल्या फिनलंडमध्ये आले. सोव्हिएत मृतांचा आकडा याच्या कितीतरी पट होता, पण नकाशा मॉस्कोच्या मनासारखा झाला.

त्यानंतर 1941 ते 1944 फिनलंड जर्मनीच्या साथीने पुन्हा लढला. हे प्रकरण फिनिश लोकांनाही अडचणीचं वाटतं. शेवटी 1944 च्या उन्हाळ्यात ताली-इहांतालाला सोव्हिएत आक्रमण अडलं ते मुख्यतः तोफखान्यामुळे. शेकडो तोफांचा मारा काही मिनिटांत एकाच जागी वळवण्याची पद्धत जनरल नेनोनेन यांच्या हाताखाली तयार झाली होती. आज पश्चिम युरोपातल्या सगळ्यात मोठ्या तोफखान्यांत फिनलंडचा समावेश होतो, त्याचं मूळ 1940 च्या त्या टंचाईत आणि 1944 च्या या अनुभवात आहे.

1944 मध्येच सोव्हिएत संघाशी झालेल्या शस्त्रसंधीनंतर काही लष्करी अधिकाऱ्यांनी रशियन सैन्य देशात घुसलंच तर म्हणून देशभर शस्त्रं लपवून ठेवली. शेतघरं, गोदामं, जंगलं, जिथे जागा मिळेल तिथे. हजारो लोक यात सामील होते. प्रकरण फुटलं आणि खटले चालले. 1947 च्या पॅरिस तहाने भूदलावर 34,400 जणांची आणि हवाई दलावर 60 लढाऊ विमानांची मर्यादा घातली. 1948 मध्ये मॉस्कोशी मैत्रीचा करार झाला. पुढची चार दशकं फिनलंड शेजाऱ्याची मर्जी सांभाळून राहिला. पश्चिमेत याची ‘फिनलंडीकरण’ म्हणून टिंगल होई. टिंगल करणारे हे विसरत की याच काळात तिथला जवळजवळ प्रत्येक तरुण सक्तीची लष्करी सेवा करून राखीव दलात जात होता, आणि 1960 च्या दशकात सगळ्या देशाची प्रदेशवार संरक्षणव्यवस्था बांधली गेली. विमानं घेतली तीही तोलून मापून: सोव्हिएत संघाकडून मिग-21, स्वीडनकडून ड्राकेन. ज्याच्यापासून राखायचं त्याच्याकडूनच शस्त्रं घेण्यात त्यांना काही वावगं वाटलं नाही.

सैन्याबाहेरची तयारीही तितकीच जुनी आहे. 1961 पासून खासदार, संपादक, उद्योगपती अशांना निवडून राष्ट्रीय संरक्षणाच्या अभ्यासक्रमाला बोलावलं जातं. संकटकाळासाठी धान्य आणि इंधनाचे साठे असतात. 1,200 चौरस मीटरपेक्षा मोठी निवासी इमारत बांधायची तर हल्ल्याच्या वेळी लपता येईल अशी आसरा-खोली बांधावीच लागते. हेलसिंकीच्या इताकेस्कुस भागात कातळ फोडून केलेला जलतरण तलाव आहे. रोज लोक पोहायला येतात, पण वेळ आली तर 72 तासांत तो रिकामा करून त्याचं आश्रयस्थान करायचं, अशी त्याची रचना आहे. देशभरात असे पन्नास हजारांवर आसरे आहेत.

शीतयुद्ध संपल्यावर स्वीडन, जर्मनी यांनी सक्तीची सेवा थांबवली. फिनलंडने ती चालू ठेवली, उलट विस्कटलेल्या पूर्व जर्मन सैन्याच्या कोठारातले रणगाडे आणि तोफा स्वस्तात उचलल्या. तेव्हा हे जुनाट वाटत होतं. नाटोत मात्र जायचं नव्हतं. वर्षानुवर्षं सदस्यत्वाला पाठिंबा वीस-पंचवीस टक्क्यांच्या आसपास घुटमळत असे. 24 फेब्रुवारी 2022 ला रशियाने युक्रेनवर हल्ला केला आणि मे महिन्यात हाच आकडा 76 वर गेला. संसदेत 188 विरुद्ध 8 असं मतदान झालं आणि 4 एप्रिल 2023 रोजी फिनलंड नाटोचा 31 वा सदस्य झाला. सक्तीची सेवा त्यानंतरही तशीच आहे. 2025 मध्ये तर संसदेने भूसुरुंगबंदीच्या ओटावा करारातून बाहेर पडण्याचा निर्णय घेतला. त्या करारात फिनलंड आला होता तोच मुळी 2012 मध्ये, बऱ्याच कुरबुरीनंतर.