किती हाडं सापडली की माणूस सापडला?

बोस्नियात थडग्याच्या दगडाला ‘निशान’ म्हणतात आणि शवपेटीला ‘ताबूत’. मराठी कानाला दोन्ही शब्द ओळखीचे. दरवर्षी 11 जुलैला पूर्व बोस्नियातल्या पोतोचारीत हिरव्या कापडाने मढवलेले ताबूत माणसांच्या डोक्यावरून हातोहात पुढे सरकतात. वजन फारसं लागत नाही. आत देह नसतोच, स्वच्छ केलेली हाडं असतात. प्रौढ माणसाच्या अंगात 206 हाडं. ताबूतात कधी त्यातली बहुतेक असतात, कधी मोजकीच.

शेजारचं स्रेब्रेनित्सा हे गाव बोस्नियातल्या युद्धात वेढ्यात होतं. 1993 मध्ये ते संयुक्त राष्ट्रांनी ‘सुरक्षित क्षेत्र’ म्हणून जाहीर केलं होतं. 11 जुलै 1995 ला ते बोस्नियन सर्ब सैन्याने घेतलं आणि पुढच्या काही दिवसांत 8,000 हून अधिक बोस्नियाक मुस्लिम पुरुष आणि मुलगे मारले. हेगच्या युद्धगुन्हे न्यायाधिकरणाने याला वंशसंहार ठरवलं. 2007 मध्ये आंतरराष्ट्रीय न्यायालयानेही तेच म्हटलं.

हाडं अपुरी का, याचं उत्तर 1995 च्याच शरद ऋतूत आहे. 10 ऑगस्टला अमेरिकेने सुरक्षा परिषदेत ताज्या खणलेल्या जमिनीची हवाई छायाचित्रं दाखवली. मग सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये मारेकऱ्यांनी पुरावा लपवायला आपणच भरलेल्या कबरी पुन्हा उकरल्या. 14 सप्टेंबरचा एक लष्करी आदेश न्यायालयात पुरावा म्हणून आला. त्यात ‘अभियांत्रिकी कामा’साठी 5 टन डिझेल मंजूर केलं आहे. दोन महिने जमिनीत कुजलेला मृतदेह यंत्राच्या बकेटमध्ये अखंड राहत नाही. सांध्यांपाशी सुटतो. धड एका ट्रकमध्ये, पाय दुसऱ्यात, आणि ट्रक वेगवेगळ्या खड्ड्यांवर रिकामे झाले. एका मोठ्या कबरीच्या अशा कित्येक लहान, दुय्यम कबरी झाल्या. चान्चारी गावाच्या एकाच रस्त्यालगत अशा डझनभर सापडल्या.

पुरावा मात्र मातीबरोबरच नव्या जागी गेला. कोझलुकला ज्या जागी माणसं मारली, तिथे पाणी भरण्याच्या कारखान्यातल्या हिरव्या बाटल्यांच्या काचांचा ढीग होता. तीच हिरवी काच दूरच्या दुय्यम कबरीत निघाली, म्हणजे ही माती कुठून आली ते ठरलं. इतर ठिकाणी मातीचा पोत, परागकण, काडतुसांची रिकामी पुंगळी, डोळ्यांवर बांधलेल्या कापडाच्या पट्ट्या जुळवल्या. मनगटावरच्या स्वयंचलित घड्याळांनीही साक्ष दिली. ती हाताच्या हालचालीवर चालतात. हात थांबला की एक-दोन दिवसांत थांबतात, आणि तबकडीवर वार नि तारीख तशीच राहते.

कबर कुठली ते कळलं, तरी माणूस कोण ते कळत नाही. सुरुवातीला मृतांचे कपडे आणि खिशातल्या वस्तू यांचे फोटो अल्बममध्ये लावून नातेवाइकांना दाखवले. स्वेटरवरचं ठिगळ, तंबाखूची डबी. यातून फार थोडी ओळख पटली. वेढ्यातल्या गावात मदतीचे एकसारखे कपडे वाटलेले, वर लोकांनी एकमेकांचे घातलेले. शिवाय शोधणाऱ्या आईला जे हवं ते दिसतं. चुकीच्या ओळखीचा फटका दोन घरांना बसतो: एक घर परक्याला पुरतं, आणि ज्याचा तो असतो ते घर कायम वाट पाहत राहतं.

म्हणून 1996 मध्ये स्थापन झालेल्या बेपत्ता व्यक्तींच्या आंतरराष्ट्रीय आयोगाने पद्धत उलटी केली. आधी डीएनए, मग बाकीचं. जिवंत नातेवाइकांच्या बोटातून रक्ताचे काही थेंब कार्डावर घेतले. फक्त स्रेब्रेनित्सासाठी असे सुमारे 22,000 नमुने जमले. मृताच्या अवशेषांतून मांडीचं हाड किंवा दात पसंत करतात, कारण घट्ट हाडात डीएनए जास्त टिकतो. तुकडा कापायचा, वरचा थर घासून काढायचा, ब्लीचने धुऊन वाळवायचा, दळून पूड करायची. घासणं चुकलं तर शेजारच्या मृतदेहाचा किंवा हाताळणाऱ्याचा डीएनए मिसळतो आणि निकाल भलताच येतो. नमुन्यावर नाव नसतं, बारकोड असतो, म्हणजे तपासणाऱ्याच्या मनात आधीच कोणी बसत नाही. जुळणीची खात्री किमान 99.95 टक्के लागते. पहिली जुळणी नोव्हेंबर 2001 मध्ये मिळाली, 15 वर्षांच्या एका मुलाची.

भाऊ-भाऊ मारले गेले की गणित अडतं. आईवडिलांच्या रक्तावरून हाड ‘या घरच्या मुलाचं’ इतकंच ठरतं. थोरला की धाकटा ते ठरत नाही. भावांपैकी कोणाला मूल असेल तर त्याचा आणि त्याच्या आईचा नमुना कामी येतो. नसेल तर वय, उंची, दात, जुनं फ्रॅक्चर. घरातले सगळे पुरुष गेले असतील तर तुलनेला माणसंच पुरत नाहीत.

नाव मिळाल्यावर जोडणी सुरू होते. हे काम तुझ्ला शहरात आणि जवळच्या लुकावात्सला चाललं. एका कबरीतला मांडीचा तुकडा आणि दुसरीतली कवटी एकाच डीएनएची निघाली की ती एका टेबलावर येतात. मधली हाडं सांधा सांध्याला बसतो का पाहून जुळवतात. प्रत्येक हाडाची डीएनए चाचणी होत नाही. बोटाच्या पेराएवढ्या तुकड्यात पुरेसा डीएनए मिळेलच असंही नाही.

आता प्रश्न कुटुंबाचा. अर्धा देह सापडलाय, पुरायचा की थांबायचं? निर्णय त्यांचाच असतो. काहींनी लगेच जनाज़ा केला, तर काही अजून एखादं हाड मिळेल म्हणून वर्षानुवर्षं थांबले, तोवर म्हाताऱ्या आया गेल्या. पुरल्यावर आणखी अवशेष जुळले, तर घरच्यांच्या संमतीने कबर पुन्हा उघडून ते आत ठेवतात. सुतक एकदाच पाळायचं, या आपल्या हिशेबात हे बसत नाही.

मानसशास्त्रज्ञ पॉलीन बॉस यांनी अशा अवस्थेला नाव दिलं, त्याला मराठीत ‘अनिश्चित वियोग’ म्हणता येईल: माणूस गेलाय हे मनाला कळतं, पण सिद्ध होत नाही, म्हणून शोक सुरूच होत नाही. मराठी वाचकाला यासाठी लांब जायला नको. पानिपतानंतर सदाशिवरावभाऊंच्या मृत्यूवर पार्वतीबाईंनी अखेरपर्यंत विश्वास ठेवला नाही, कुंकू पुसलं नाही. आणि त्याच अनिश्चिततेतून तोतया उभा राहिला. देह नाही, तिथे अफवेला जागा मिळते. बोस्नियात ही जागा नकाराने घेतली: ‘एवढे मेलेच नाहीत, ते परदेशात आहेत.’ नाव, हाड आणि प्रयोगशाळेचा अहवाल हा त्यावरचा उताराही आहे. आकड्यावर वाद घालता येतो, एका-एका नावावर घालणं कठीण जातं.

स्मरणाच्या पद्धती त्यामुळे मोजण्याशी जोडलेल्या. तुझ्लात महिन्याच्या 11 तारखेला बायका उशांचे अभ्रे घेऊन रस्त्यावर उभ्या राहत. प्रत्येक अभ्र्यावर एका बेपत्त्याचं नाव भरतकामात. ज्या घरात उशी वापरायला माणूसच नाही, तिथलं हे भरतकाम. 8 जुलैला नेझुकहून निघणारा मोर्चा तीन दिवसांत सुमारे 100 किलोमीटर चालून पोतोचारीला येतो. 1995 मध्ये जीव वाचवायला जंगलातून पळालेल्यांची वाट हीच, फक्त उलट दिशेने. पोतोचारीच्या स्मारकातल्या दगडावर 8372 हा आकडा कोरलेला, पुढे तीन टिंबं, आणि खाली सांगितलंय की मृतांची ही संख्या अंतिम नाही. पांढऱ्या निशानांवर जन्मसालं वेगवेगळी. मृत्यूचं साल मात्र एकच.

मार्च 2003 मध्ये पोतोचारीत पहिल्यांदा 600 जणांना पुरलं. 2010 च्या जुलैत 775 ताबूत होते, 2015 मध्ये 136, 2024 मध्ये 14, 2025 मध्ये 7. अजून जवळपास हजार माणसांचा पत्ता नाही. ज्या कबरी ठाऊक होत्या त्या उकरून झाल्या. उरलेल्या सापडायच्या तर जागा ठाऊक असलेल्या कोणीतरी तोंड उघडायला हवं, आणि तेही आता साठी-सत्तरीत आहेत.