मौत का कुआँ: गाडी भिंतीवर टिकते कशी?

नांदेड जिल्ह्यातल्या माळेगावच्या खंडोबाच्या यात्रेत तिकीट काढून मौत का कुआँच्या, म्हणजे विहिरीसारख्या उभ्या गोल भिंतीवर गाड्या पळवण्याच्या खेळाच्या, जिन्यानं वर चढलात, की कठड्याला टेकलेला कुणीतरी छातीठोकपणे सांगतोच, "चाकात चुंबक असतंय बघा!" विहीर असते लाकडी फळ्यांची, आणि लाकडाला कसलं आलंय चुंबक!

चक्कर मारणाऱ्या गाडीला खरं तर सरळ जायचं असतं, पण भिंत तिला क्षणोक्षणी आत वळवते. या ओढाताणीत टायर फळीवर दाबला जातो. वेग वाढेल तसा दाब वाढतो, आणि दाबाबरोबर घर्षणाची ताकदही. ती गाडीचं वजन पेलण्याइतकी झाली की गाडी खाली घसरत नाही. विहिरीची त्रिज्या 5 मीटर आणि टायर-फळीचा घर्षणांक, म्हणजे पकड किती आहे त्याचा आकडा, 0.7 धरला, तर ताशी 30 किलोमीटर वेग पुरतो. एवढ्या वेगानं तर आपण बाजारातूनही गाडी हाकतो.

या हिशेबात वजन कुठंच येत नाही. गाडी दुप्पट जड असेल तर दाबही दुप्पट पडतो, त्यामुळं आरएक्स 100 मोटरसायकलला लागतो तोच किमान वेग मारुती 800 ला. मोटार चढली की शिट्ट्या जास्त पडतात, पण माझ्या मते तिथं खरी परीक्षा भिंतीची असते. ताशी 40 नं फिरणारी 700 किलोची मोटार फळ्यांना जवळजवळ पावणेदोन टनांच्या जोरानं बाहेर ढकलते, आणि हा रेटा दर तीन सेकंदांच्या आत विहिरीला एक फेरा घालतो. वर उभ्या असलेल्यांच्या पायांखालचा माचा हलतो तो त्यामुळंच. यात्रा संपली की हीच फळी-फळी सुटी करून ट्रकमध्ये भरायची आणि पुढच्या गावी पुन्हा जोडायची, म्हणजे प्रत्येक बोल्टाचा पीळ नव्यानं तपासणं आलं.

धोका दडलेला असतो त्या 0.7 मध्ये. माळेगावची यात्रा मार्गशीर्षाच्या शेवटी भरते. रात्री दव पडतं, फळ्या ओलसर होतात, इंजिनातून तेलाचे थेंब गळतात, वर धूळ. घर्षणांक निम्म्यावर आला तर किमान वेग ताशी 42 च्या पुढं जातो, आणि मघाशी 40 नं निवांत फिरणारा गडी घसरायला लागतो. म्हणून खेळाआधी फळ्या पुसणारा पोऱ्या मला स्वारापेक्षा कमी महत्त्वाचा वाटत नाही. कठड्यावरची दहाची नोट हात सोडून टिपायची, तर ॲक्सिलेटर आधीच एका जागी अडकवावा लागतो. म्हणजे नेमक्या त्या क्षणी घसरण सुरू झाली, तर वेग वाढवायला हात मोकळा नसतो.

ताशी 40 ला साठ किलोच्या स्वाराला आपलं अंग 160 किलोचं झाल्यासारखं वाटतं. रक्त पायांकडं ओढलं जातं आणि नवख्याच्या डोळ्यांपुढं अंधारी येऊ शकते. पोटऱ्या आणि पोट आवळून धरलं की रक्त वर टिकतं. लढाऊ विमानांचे वैमानिकही हेच करतात. गरगरण्याचं कारण वेगळं. आतल्या कानातल्या नळ्यांमधला द्रव काही वेळात फिरण्याशी जुळवून घेतो, पण गाडी थांबली तरी तो वाहतच राहतो. म्हणून नवखा माणूस भिंतीवर असताना सावरतो आणि खाली उतरल्यावर झोकांड्या खातो. सरावानं मेंदू हा खोटा निरोप मनावर घेईनासा होतो.

आवाजाला मात्र सराव उपयोगी पडत नाही. सायलेन्सर काढलेलं इंजिन, भोवती लाकडी पिंप, आणि दिवसभर खेळावर खेळ. आतल्या कानातल्या आवाज टिपणाऱ्या केसपेशी एकदा मेल्या की माणसात पुन्हा उगवत नाहीत. कापसाच्या बोळ्यांनी फारसं भागत नाही, पण कानात फोमचे इअरप्लग नीट बसवले तर हे नुकसान बरंच कमी होतं, आणि त्याला फार खर्चही लागत नाही.