‘स्ट्रेंजवेज’ हा भांडणातून जन्मलेला अल्बम नव्हे

मँचेस्टरच्या ‘द स्मिथ्स’ या रॉक बँडचा शेवटचा स्टुडिओ अल्बम ‘स्ट्रेंजवेज, हिअर वी कम’ सप्टेंबर 1987 मध्ये आला. तोवर गिटारवादक जॉनी मार बँड सोडून गेला होता. त्यामुळे एक समज घट्ट बसला : हा अल्बम एकमेकांची तोंडं न बघता, कसाबसा उरकलेला, जाणूनबुजून केलेला निरोपच.

घटनाक्रम वेगळंच सांगतो. त्या वर्षीच्या वसंतात, बाथजवळच्या ‘वूल हॉल’ स्टुडिओत ध्वनिमुद्रण झालं, आणि ते दिवस मजेत गेल्याचं बँडमधल्यांनीच पुढे सांगितलं आहे. जॉनी मारला तर ठरावीक खणखणत्या गिटारपासून सुटका हवी होती. पहिल्या गाण्यात गिटार नाहीच, सगळा भार पियानोवर. फुटायला निघालेला बँड असले प्रयोग कशाला करील? शिवाय ‘ईएमआय’ या रेकॉर्ड कंपनीशी पुढचा करार आधीच झालेला होता.

बिनसलं ते अल्बम संपल्यावर. मे महिन्यात सिंगलच्या (एका गाण्याच्या रेकॉर्डच्या) मागच्या बाजूसाठी गाणी करताना गायिका सिला ब्लॅकचं एक जुनं गाणं बँडचा गायक मॉरिसीने निवडलं, मारला ते अजिबात रुचलं नाही. पण एका गाण्याने बँड मोडत नाही. मार दमला होता, आणि व्यवस्थापक नसल्याने धंद्याची कटकटही त्याच्याच गळ्यात होती.

अल्बम पडला म्हणावं, तर ब्रिटनमध्ये तो दुसऱ्या क्रमांकावर पोहोचला. समीक्षकांत मात्र बँडच्या आधीच्या ‘द क्वीन इज डेड’ या अल्बमचंच पारडं जड राहिलं. मॉरिसी आणि मार दोघांनीही पसंती दिली ती ‘स्ट्रेंजवेज’ला.