ट्युबिनारेस: नळीनाक्या पाखरांच्या नावाची पार्श्वभूमी

काही वर्षांपूर्वी जुलै महिन्यात, तीन दिवस धो धो पाऊस आणि वारा झाल्यावर, मामाला आमच्या गावच्या किनाऱ्यावर एक पाखरू सापडलं. वरून गडद तपकिरी, पोटाला पांढरं, पंख लांब आणि अरुंद, कबुतरापेक्षा थोडं मोठं वाटत होतं. उभंच राहत नव्हतं, बसल्या जागी पुढे सरकायचं, म्हणून सगळ्यांना वाटलं पाय मोडलाय. आणि चोचीच्या टोकाला सारखा पाण्याचा थेंब, पुसला की दोन मिनिटांत परत. मामी म्हणाली, याला तर पडसं झालंय. मी वाकून बघितलं तर चोचीच्या बुडाशी, अगदी वरच्या बाजूला, दोन बारक्या नळ्या एकमेकींना चिकटवून ठेवल्यासारख्या, आणि त्यांची तोंडं पुढे. कुरव आणि सुरय मी लहानपणापासून बघत आलोय पण असलं नाक कुठल्याच पक्ष्याला बघितलं नव्हतं.

त्या नळ्यांवरूनच या पक्ष्यांच्या गटाला शास्त्रात एक जुनं, आता जवळजवळ अडगळीत गेलेलं नाव आहे, ट्युबिनारेस. लॅटिनमधे ट्युबस म्हणजे नळी आणि नारेस म्हणजे नाकपुड्या, म्हणजे सरळ मराठीत नळीनाके. अल्बट्रॉस, पेट्रेल, शिअरवॉटर, फुलमार आणि चिमणीएवढे स्टॉर्म पेट्रेल अशी साधारण सव्वाशे ते दीडशे जातींची ही सगळी समुद्रपक्ष्यांची बिरादरी (आकडा कोण कुठली जात वेगळी धरतो त्यावर हलतो). आज यांच्या गणाला प्रोसेलॅरिफॉर्मेस म्हणतात आणि ट्युबिनारेस हा शब्द जुन्या पुस्तकांत किंवा एखाद्या हट्टी समुद्रपक्षीप्रेमीच्या तोंडीच सापडतो. मला मात्र हे जुनं नावच जास्त खरं वाटतं, आणि का वाटतं ते सांगायला थोडं मागे जावं लागेल.

१७५८ मधे लिनियस या स्वीडिश निसर्गशास्त्रज्ञाने आपल्या वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत या पक्ष्यांना बदकं, पेलिकन, कुरव, सुरय या सगळ्यांसोबत एकाच पोत्यात घातलं, आन्सेरेस नावाच्या गणात. पायाला पडदा आहे, पोहतो, झालं. पण पेट्रेलना नाव देताना त्याने खलाश्यांचं ऐकलं आणि प्रोसेलॅरिया हे नाव ठेवलं, लॅटिनमधे प्रोसेला म्हणजे वादळ. हे पक्षी दिसले की वादळ येतं असं खलाशी मानायचे म्हणून. पेट्रेल या शब्दाचीही गंमत आहे, १७०३ मधे विल्यम डॅम्पियर नावाच्या इंग्रज दर्यावर्द्याने लिहून ठेवलं की हे पाखरू पाण्यावर पाय आपटत चालल्यासारखं उडतं आणि बायबलमधला संत पीटर पाण्यावरून चालला होता, त्यावरून हे नाव. शब्दाची खरी व्युत्पत्ती हीच की नंतर जोडलेली यावर भाषावाल्यांचा वाद आहे, पण ज्याने स्टॉर्म पेट्रेल उडताना बघितलाय त्याला डॅम्पियरचं म्हणणं लगेच पटतं.

मग आला इलिगर. योहान कार्ल विल्हेल्म इलिगर, जर्मन माणूस, तब्येतीने कायम खंगलेला, १८१० मधे बर्लिनच्या प्राणिसंग्रहालयाची (म्हणजे जिवंत प्राण्यांचं नव्हे, पेंढा भरलेल्या नमुन्यांचं म्युझियम) जबाबदारी त्याच्याकडे आली. १८११ मधे त्याने सस्तन प्राणी आणि पक्षी यांची नवी मांडणी छापली आणि त्यात पोहणाऱ्या पक्ष्यांचं लिनियसचं ते पोतं सोडून नीट वाटण्या केल्या. लांब पंखवाले कुरव-सुरय एकीकडे, चारही बोटांना पडदा असलेले पेलिकन वगैरे दुसरीकडे, पेंग्विन अजून वेगळे, आणि नळीनाके म्हणजे ट्युबिनारेस हा स्वतंत्र गट. याचं वैशिष्ट्य असं की त्याने नाव ठेवताना खलाश्यांची समजूत नाही, हवामान नाही, पक्षी हातात घेऊन जे दिसतं तेच घेतलं. आणि ती खूण पक्की निघाली, कारण तीन मीटरहून जास्त पंखविस्ताराचा भटक्या अल्बट्रॉस आणि तळहातात मावणारा स्टॉर्म पेट्रेल यांच्यात बाकी काहीच सारखं दिसत नाही, नाक सोडून. अल्बट्रॉसच्या नळ्या चोचीच्या दोन बाजूंना वेगवेगळ्या असतात, बाकीच्यांच्या वर एकत्र, एवढाच फरक. दोनच वर्षांनी, १८१३ मधे, वयाच्या ३७ व्या वर्षी इलिगर गेला.

त्याचं नाव मात्र शंभर वर्षं टिकलं. ब्रिटिश म्युझियमने पक्ष्यांची जी अवाढव्य यादी छापली तिच्या पंचविसाव्या खंडात १८९६ मधे ऑस्बर्ट सॅल्व्हिनने हा गट ट्युबिनारेस याच नावाने लिहिला. गॉडमनने १९०७ ते १९१० मधे पेट्रेलांवर सचित्र ग्रंथ काढला त्याच्या शीर्षकातच हा शब्द आहे. आपल्याकडे ब्लॅनफर्डने १८९८ मधे ब्रिटिश इंडियाच्या पक्ष्यांचा जो खंड लिहिला त्यातही गणाचं नाव हेच. पण तोवर १८८८ मधे माक्स फ्युरब्रिंगर या जर्मन शरीररचनाशास्त्रज्ञाने प्रोसेलॅरिफॉर्मेस हे नाव आणलं होतं. पुढे गणाचं नाव त्यातल्या एखाद्या प्रमुख वंशाच्या नावावरून करायचं आणि शेवटी तोच ठराविक प्रत्यय लावायचा ही पद्धत सगळीकडे रुळली, नियम असा नव्हता पण सोय होती, आणि ट्युबिनारेस कुठल्याच वंशाच्या नावावरून आलेलं नसल्याने मागे पडलं. सालिम अली आणि रिप्ले यांच्या भारतीय पक्ष्यांच्या हँडबुकचा पहिला खंड १९६८ मधे आला तेव्हा आपल्याकडेही वादळवालंच नाव बसलं. जर्मन लोक बोलताना अजून त्यांना नळीनाकेच म्हणतात, रोरेननाझेन, हे मला फार आवडतं.

या घराण्यात नावांचा गोंधळ इतका आहे की विचारू नका. शिअरवॉटरच्या एका वंशाचं शास्त्रीय नाव पफिनस, पण रंगीत चोचीचा जो पफिन आपण फोटोत बघतो त्याचा याच्याशी काही संबंध नाही. झालं असं की पूर्वी इंग्लंडात शिअरवॉटरची चरबीने टम्म झालेली पिल्लं बिळातून काढून खारवून खायचे आणि त्या मालाला पफिन म्हणायचे, पुढे शब्द घसरून दुसऱ्याच पक्ष्याला चिकटला आणि शास्त्रीय नाव मात्र जुन्या धन्याकडे राहिलं. फुलमार हा शब्द जुन्या नॉर्स भाषेतला, घाणेरडा कुरव या अर्थाचा, कारण जवळ गेलं की तो पोटातलं दुर्गंधी तेल अंगावर फेकतो. अल्बट्रॉस तर पोर्तुगीज अल्काट्राझवरून आलाय आणि त्यामागे अरबी शब्द असावा असं मानतात.

आपल्या बाजूचं एक नाव सांगतोच. पर्शियन शिअरवॉटर, पफिनस पर्सिकस, याचं पहिलं शास्त्रीय वर्णन केलं ॲलन ऑक्टेव्हियन ह्यूमने, १८७२-७३ च्या सुमारास, त्याने स्वतः सुरू केलेल्या स्ट्रे फेदर्स या नियतकालिकात. हाच तो ह्यूम ज्याच्या पुढाकाराने डिसेंबर १८८५ मधे मुंबईत गोकुळदास तेजपाल संस्कृत पाठशाळेत काँग्रेसचं पहिलं अधिवेशन भरलं. शाळेत आपण त्याचं नाव पाठ करतो पण आपल्या समोरच्या अरबी समुद्रातल्या पाखरालाही त्याने नाव दिलंय हे कोणी सांगत नाही. ओमानजवळची बेटं, सोकोत्रा, तिकडे हा शिअरवॉटर घरटी करतो आणि नैऋत्येच्या पावसाळी वाऱ्यात आपल्या किनाऱ्याकडे ढकलला जातो. मामाला सापडलेलं पाखरू हेच होतं, निदान आम्ही फोटोंशी ताडून तसं ठरवलं.

आता नाकाकडे येतो, कारण इलिगरला खूण सापडली तरी ती नळी कशासाठी हे कळायला पुढची दीडशे वर्षं गेली. १८२६ मधे ऑडुबॉन या अमेरिकन पक्षीचित्रकाराने एडिंबरात प्रबंध मांडला की गिधाडांना वासाने खाणं सापडतं ही समजूत खोटी आहे, त्याने गवत भरलेलं हरणाचं कातडं ठेवलं तर गिधाडं आली आणि सडकं मांस झाकून ठेवलं तर नाही आली, आणि त्यानंतर पक्ष्यांना वास येतच नाही म्हणे असं पाठ्यपुस्तकांत पिढ्यानपिढ्या चालत राहिलं. इकडे मच्छीमारांना आणि देवमासे मारणाऱ्यांना माहीत होतं की समुद्रात तेल किंवा कोथळा टाकला की मोकळ्या पाण्यातून कुठून कुठून पेट्रेल वाऱ्याच्या उलट दिशेने येतात. त्यांचं ऐकायला कोणी नव्हतं.

चित्र पालटलं ते बेट्सी बँग यांच्यामुळे. अमेरिकेत जॉन्स हॉपकिन्सला त्या वैद्यकीय चित्रं काढायच्या, नवरा पक्ष्यांच्या श्वसनरोगांवर काम करायचा, त्यासाठी पक्ष्यांची नाकं आतून कापून रेखाटताना त्यांच्या लक्षात आलं की काही पक्ष्यांत वासाचा भाग इतका मोठा आणि गुंतागुंतीचा आहे की हे बिनकामाचं असूच शकत नाही. १९६० मधे नेचर या विज्ञान-नियतकालिकात त्यांनी ते छापलं, त्यातला एक पक्षी अल्बट्रॉस. १९६८ मधे १०८ जातींच्या मेंदूचं मोजमाप आलं, त्यात सगळ्यात मोठा गंधकंद (मेंदूतला वास ओळखणारा भाग) निघाला हिम पेट्रेलचा, मेंदूच्या गोलार्धाच्या लांबीच्या ३७ टक्के, आणि चिमणीवर्गातल्या एका छोट्या पक्ष्याचा ३ टक्के. पदवीने शास्त्रज्ञ नसलेल्या बाईने हातात पेन्सिल घेऊन हे दाखवलं, मला याचं फार अप्रूप आहे.

त्यापुढचं काम गॅब्रिएल नेविट यांचं. १९९२ मधे अंटार्क्टिकाच्या समुद्रात वादळात बोटीवर आपटून त्यांच्या मूत्रपिंडाला इजा झाली, पडून राहावं लागलं, आणि त्याच पडून राहण्यात भेटलेल्या एका वातावरण-रसायनतज्ज्ञाकडून त्यांना डायमिथिल सल्फाइड या वायूबद्दल कळलं. समुद्रात तरंगणाऱ्या सूक्ष्म वनस्पती (वनस्पतीप्लवंग) क्रिलने, म्हणजे कोळंबीसारख्या बारक्या जीवांनी, खाल्ल्या की हा वायू सुटतो, ओहोटीला खाजणाच्या कडेला उभं राहिलं की जो वास येतो त्यातलाच एक धागा. म्हणजे जिथे हा वास तिथे क्रिल, आणि जिथे क्रिल तिथे जेवण. १९९५ मधे नेविट आणि सहकाऱ्यांनी नेचरमधेच दाखवलं की काही पेट्रेल खरंच या वासामागे येतात. आपल्याला सपाट निळा दिसणारा समुद्र त्यांना वासाचे डोंगर-दऱ्या असलेला नकाशा असणार. २०१३ मधे अझोर्स बेटांवरच्या कोरी शिअरवॉटरवर प्रयोग झाला, ८०० किलोमीटर लांब नेऊन सोडले, डोक्यावर चुंबक लावलेले परत आले आणि वासाची जाणीव तात्पुरती घालवलेले भरकटले. आता याच नाकाचा घात होतोय, कारण समुद्रात तरंगणाऱ्या प्लास्टिकवर शेवाळ धरलं की त्यालाही तोच वास सुटतो, हे २०१६ मधे दाखवून झालंय, आणि वासावर विसंबणाऱ्या जाती प्लास्टिक जास्त गिळताना सापडतात.

आणि मामीच्या त्या पडशाचं उत्तरही नाकातच आहे. १९५० च्या दशकाच्या शेवटी क्नूट श्मिट-नील्सनने आधी पाणकावळ्यावर शोधलं की समुद्रपक्ष्यांच्या डोळ्यांवर ग्रंथी असतात ज्या रक्तातलं जादा मीठ काढून अतिखारट पाणी नाकावाटे बाहेर टाकतात, म्हणून त्यांना गोड्या पाण्याची गरज पडत नाही. नळीनाक्यांत ते पाणी नळीतून बाहेर येतं, चोचीवरच्या खाचेतून ओघळतं आणि टोकावर थेंब धरतो. तो थेंब म्हणजे आजार नव्हे, पक्ष्याची यंत्रणा चालू असल्याची खूण आहे. पाय मोडलाय हीपण चुकीची समजूत, शिअरवॉटरचे पाय शरीराच्या फार मागे असतात आणि जमिनीवर ते घोट्यांवर बसूनच सरकतात, बिळात शिरण्यापुरतं तेवढं पुरतं. त्यामुळे पावसाळ्यात असं पाखरू सापडलं तर ओढून उभं करू नका, चोच उघडून पाणी ओतू नका, हवेशीर खोक्यात अंधारात ठेवा, मांजर-कुत्रं लांब ठेवा आणि वनखात्याला फोन करा.

आम्हीही तेच केलं, जरा उशिराच. खोक्यात मामीचा जुना टॉवेल अंथरून त्याला रात्रभर ठेवलं, पहाटे पाऊस थांबला, आणि सकाळी वनखात्याची माणसं येऊन घेऊन गेली. टॉवेल मामीने दोनदा साबणाने धुतला, तिसऱ्यांदा लिंबू पिळून धुतला, तरी त्याला एक वास राहिलाच, कस्तुरी आणि माशाचं तेल आणि ओली माती मिळून येईल तसा. नंतर वाचलं की हा वास म्युझियममधल्या पेट्रेलांच्या कातड्यांना वर्षानुवर्षं राहतो, आणि लीच स्टॉर्म पेट्रेल अंधाऱ्या रात्री बेटावर उतरल्यावर शेकडो बिळांतून आपलं बीळ याच वासाने ओळखतो. टॉवेल अजून पडवीत आहे, दमट दिवसात जवळून गेलं की येतो.