काराकोरम : खिंडीचे नाव रांगेला कसे लागले

काराकोरम हे मुळात पर्वतरांगेचे नाव नाही, ते एका खिंडीचे नाव आहे. लेहहून आजच्या चीनमधल्या यारकंदला जाणारे व्यापारी ज्या खिंडीतून पलीकडे उतरत, तिच्या उतारांवर काळसर खडीचा खच पडलेला असे, आणि तुर्की भाषाकुळातल्या ‘कारा’ म्हणजे काळा व ‘कोरम’ म्हणजे खडी या शब्दांवरून तिला हे नाव पडले. सुमारे साडेपाच हजार मीटर उंचीच्या या वाटेवर जनावरांना चारा मिळत नसे. ओझ्याची घोडी वाटेतच मरत आणि मागून येणाऱ्या तांड्यांना त्यांच्या हाडांच्या राशींवरून मार्ग ओळखता येई. या खिंडीला लागून डोळ्यांत भरेल असे एकही शिखर नाही. ज्या शिखरांमुळे रांगेची ख्याती झाली, ती तिथून शंभराहून अधिक किलोमीटर पश्चिमेला आहेत आणि बर्फाने पांढरी आहेत.

हे नाव रांगेला चिकटवले ते एकोणिसाव्या शतकातल्या प्रवाशांनी आणि मोजणी करणाऱ्यांनी. 1856 मध्ये सर्वेक्षण खात्याच्या एका अधिकाऱ्याने काश्मीरमधल्या हरमुख पर्वतावरून, दोनशेहून अधिक किलोमीटर अंतरावरची दोन ठळक शिखरे वहीत रेखाटली आणि काराकोरमचे आद्याक्षर घेऊन त्यांना ‘के 1’ व ‘के 2’ असे क्रमांक दिले. स्थानिक नाव सापडल्यास तेच ठेवायचे, असा खात्याचा दंडक होता. त्याप्रमाणे ‘के 1’ पुढे माशेरब्रुम झाले. ‘के 2’ मात्र रांगेच्या दक्षिणेकडच्या, आज पाकिस्तानच्या ताब्यात असलेल्या बाल्टिस्तानातल्या शेवटच्या वस्तीवरूनही दिसत नाही, त्यामुळे 8,611 मीटर उंचीचे हे शिखर तात्पुरत्या क्रमांकानेच जगभर ओळखले गेले. ‘चोगोरी’ हे बाल्टी नाव पुढे आणले गेले, पण त्याचा अर्थ नुसता ‘मोठा डोंगर’ असा आहे, आणि ते गावकऱ्यांच्या तोंडी होते की पाहुण्यांच्या प्रश्नाला दिलेले उत्तर होते, याविषयी रास्त शंका आहे.

खरा वाद झाला तो संपूर्ण रांगेच्या नावावर. खिंडीचे नाव एवढ्या विस्ताराला देणे दिशाभूल करणारे आहे, असे म्हणणारा एक पक्ष होता. त्याला ‘मुझताघ’, म्हणजे बर्फाचा पर्वत, हा दुसरा तुर्की शब्द अधिक योग्य वाटे. 1937 मध्ये लंडनमध्ये भूगोलतज्ज्ञ आणि सर्वेक्षकांनी एकत्र बसून जो निर्णय केला, त्यात रूढ झालेले काराकोरम हेच नाव कायम राहिले. मुख्य रांगेच्या भागांना मात्र तिथल्या हिमनद्यांवरून बाल्टोरो मुझताघ, सियाचीन मुझताघ, रिमो मुझताघ अशी नावे मिळाली आणि दक्षिणेकडच्या साल्टोरोसारख्या रांगा लघु काराकोरम म्हणून वेगळ्या काढल्या गेल्या. ही तडजोड व्यवहाराला धरून होती, पण बाल्टी आणि लडाखी लोकांच्या भाषा त्यात मागे पडल्या हे मान्य करावे लागते. त्यांनी प्रत्येक हिमनदीला आणि कुरणाला नाव दिले होते. सियाचीन हा शब्दच बाल्टी आहे आणि त्याचा अर्थ जंगली गुलाबांची जागा. सबंध रांगेसाठी एक नाव लागण्याची गरज त्यांना नव्हती, नकाशा करणाऱ्यांना होती. आपल्याकडेही असेच घडले आहे. घाट म्हणजे डोंगर उतरायची वाट, पण बाहेरून आलेल्यांनी तोच शब्द अख्ख्या सह्याद्रीला लावला.

पुढच्या काळात नावापेक्षा रेषा महत्त्वाची झाली. 1949 च्या भारत-पाकिस्तान कराची करारात काश्मीरमधली शस्त्रसंधी रेषा नकाशावरच्या ‘एनजे 9842’ या बिंदूपर्यंत आखली गेली आणि त्यापुढे ‘तेथून उत्तरेकडे हिमनद्यांपर्यंत’ एवढेच शब्द लिहिले गेले. तिथे कोणी राहत नाही आणि कोणी लढणार नाही, असे तेव्हा गृहीत धरलेले दिसते. 1963 मध्ये पाकिस्तानने रांगेच्या उत्तरेचे शक्सगाम खोरे करार करून चीनला दिले. भारताने तो करार मान्य केलेला नाही. 1972 नंतरची नियंत्रण रेषाही त्याच बिंदूपाशी थांबली. दरम्यान 1960 च्या दशकाच्या अखेरीपासून काही अमेरिकी नकाशांत त्या बिंदूपासून थेट काराकोरम खिंडीपर्यंत सरळ रेषा दिसू लागली, आणि पाकिस्ताननेही तीच रेषा मानली. ही रेषा ईशान्येकडे जाते, करारात शब्द ‘उत्तरेकडे’ असा आहे. तो शब्द प्रमाण धरला तर सियाचीन हिमनदी खिंडीकडच्या रेषेपलीकडे, म्हणजे पाकिस्तानच्या बाजूला, ढकलता येत नाही, हे भारताचे म्हणणे अधिक पटण्याजोगे आहे.

13 एप्रिल 1984 रोजी भारतीय सैन्य सियाचीनच्या पश्चिमेकडील साल्टोरो कड्यावरच्या खिंडींत पोहोचले. तेव्हापासून सुमारे 76 किलोमीटर लांबीची ती हिमनदी भारताच्या ताब्यात आहे, आणि दोन्ही बाजूंचे सैनिक ज्या धारेवर समोरासमोर बसले आहेत, ती 1937 च्या वर्गवारीत लघु काराकोरममध्ये गणली गेलेली साल्टोरोची धार आहे.